सहा ते दहाची वेळ आणि हाऊसचे उपप्रकार : नेमके काय शिकावे?

तुमचा प्रश्न थोडक्यात पुन्हा मांडतो, म्हणजे मी तो नीट समजलो आहे की नाही ते तुम्हाला कळेल. तुम्ही गोव्यातल्या डिचोलीचे आहात, चार वर्षे लग्नसमारंभांत डीजे म्हणून गाणी वाजवता आणि येत्या ऑक्टोबरपासून मोरजीकडच्या एका शॅकवर, म्हणजे किनाऱ्यावरच्या उपाहारगृहात, आठवड्यातून तीन दिवस, संध्याकाळी सहा ते रात्री दहा, असे काम तुम्हाला मिळाले आहे. मालकाने ‘आफ्रो हाऊस पाहिजे’ एवढेच सांगितले. एक मित्र म्हणतो की आफ्रो आता जुने झाले, मेलोडिक घे. दुसरा आमापियानोचे नाव घेतो. आणि बीटपोर्ट हे डीजेंना गाणी विकणारे संकेतस्थळ उघडल्यावर हाऊस या नृत्यसंगीताचेच इतके कप्पे दिसतात की कुठून सुरुवात करावी ते कळत नाही. पुढच्या सीझनला काय चालेल आणि त्यातले मी काय शिकू, असे तुम्ही विचारले आहे. शेवटी घुमट या आपल्या मातीच्या तालवाद्याविषयीही एक प्रश्न आहे. त्याकडे मी शेवटीच येतो.

मी पेडणे तालुक्यातला. 2006 पासून मोरजी, आश्वे, मांद्रे, हरमल याच पट्ट्यात वाजवतो. तुमचे पत्र वाचताना मला असे वाटले की तुमची खरी अडचण पुढच्या सीझनची नाही. उपप्रकारांची नावे तुम्हाला पाठ झाली आहेत, परंतु एखादे गाणे कानावर पडल्यावर त्याची घडण कशी आहे, ते कोणत्या वेळी शोभेल आणि कोणत्या गाण्याशेजारी बसेल, हे स्वतःच्या कानाने ठरवण्याची खात्री अजून आलेली नाही. ती खात्री आली की नव्या नावांची धास्ती वाटत नाही, कारण नाव नवे असले तरी आतली घडण बहुधा ओळखीची निघते.

काही गोष्टी मात्र परिस्थितीवर अवलंबून आहेत आणि त्या मला इथून ठरवता येणार नाहीत. शॅक वाळूवर उघडा आहे की तीन बाजूंनी बंद, सबवूफर आहे की नुसते दोन स्पीकर, समोर जेवायला आलेली कुटुंबे असतील, सुट्टीला आलेली मुंबई-पुण्याची मंडळी असतील की दोन-दोन महिने राहणारे परदेशी पाहुणे, यावर निवड बदलते. पहिले दोन आठवडे हे पाहण्यात घालवा आणि रोज रात्री घरी गेल्यावर चार ओळी लिहून ठेवा. यापुढचे सगळे मी उघडा शॅक आणि मिश्र गिऱ्हाईक गृहीत धरून लिहितो आहे.

आधी नावांचा गुंता सोडवू. हाऊस हे नाव शिकागोच्या ‘वेअरहाऊस’ या क्लबवरून आले असे सर्वसाधारणपणे मानले जाते. तो क्लब 1977 साली सुरू झाला आणि फ्रँकी नकल्स तिथले नेहमीचे डीजे होते. ते जे वाजवत ते लोक रेकॉर्डच्या दुकानांत जाऊन मागू लागले. म्हणजे हे नाव मुळात एका जागेचे होते. पुढच्या दशकात त्याच शहरात एका यंत्राने एक उपप्रकार जन्माला घातला. रोलंड कंपनीचे टीबी-303 हे यंत्र एकट्या गिटारवादकाला बासची साथ मिळावी म्हणून काढलेले होते. ते त्या कामात फसले, जुन्या बाजारात स्वस्तात मिळू लागले आणि 1987 साली फ्यूचर या त्रिकुटाने त्याची बटणे फिरवत फिरवत जो किंचाळणारा, वळवळणारा आवाज काढला त्यातून अ‍ॅसिड हाऊस उभे राहिले. त्याच्याही आधी, 1982 साली, आपल्या मुंबईत चरणजित सिंग यांनी हेच यंत्र आणि टीआर-808 हे ठेक्याचे यंत्र घेऊन दहा राग डिस्कोच्या ठेक्यावर ध्वनिमुद्रित केले होते, आणि त्याची जगाला ओळख झाली ती 2010 च्या पुनर्प्रकाशनानंतर. हे आठवले की मला प्रत्येक वेळी बरे वाटते, कारण आपण या संगीतात अगदी काल आलेले पाहुणे नाही.

तर उपप्रकार कधी जागेमुळे जन्मतो, कधी यंत्रामुळे. पण तिसराही एक मार्ग आहे आणि तुम्हाला गोंधळात टाकणारा तोच आहे : दुकानाचा कप्पा. बीटपोर्टवर ‘मेलोडिक हाऊस अँड टेक्नो’ हा कप्पा 2018 साली आला आणि ‘ऑरगॅनिक हाऊस’चा 2020 साली. ज्या गाण्यांसाठी ते काढले ती गाणी त्याआधीही होती; आम्ही ती प्रोग्रेसिव्ह किंवा डीप म्हणून वाजवत होतो. कप्पा ही विकणाऱ्याची सोय आहे. ती शोधायला उपयोगी पडते, परंतु तिच्यावरून गाणे पारखता येत नाही.

याची किंमत मी मोजली आहे. 2014 साली एका खासगी समारंभात मला ‘डीप हाऊस’ वाजवायला बोलावले होते. माझ्यासाठी डीप म्हणजे शिकागोचे संगीतकार लॅरी हर्ड यांच्या परंपरेतले, ऑर्गनचे लांब स्वर आणि मऊ बास असलेले शांत संगीत, आणि मी तीच पिशवी भरून गेलो. बोलावणाऱ्याच्या मनात त्या वर्षी रेडिओवर गाजत असलेली, गायकाचा आवाज जाड करून उसळत्या बासवर बसवलेली गाणी होती; त्यांनाही तेव्हा डीप हाऊसच म्हणत. पाऊण तासाने ते माझ्या शेजारी येऊन उभे राहिले आणि त्यांना हवे असलेले एकही गाणे माझ्याकडे नव्हते. तेव्हापासून माझा नियम आहे की कोणी उपप्रकाराचे नाव सांगितले की मी त्यांच्याकडून तीन गाणी मागतो. तुमच्या मालकालाही उद्याच विचारा : तुमच्या मनातल्या आफ्रो हाऊसची तीन गाणी मला पाठवा.

ही विचारणा आफ्रो हाऊसच्या बाबतीत विशेष गरजेची आहे, कारण या एका नावाखाली आज निदान दोन वेगळ्या गोष्टी मिळतात. एक दक्षिण आफ्रिकेतली मूळ धारा, जिथे ठेका पुढे असतो, गाणे बहुधा झुलू किंवा खोसा भाषेत असते आणि बास ठेक्याशी बोलत असतो. 2022 साली नृत्यसंगीताच्या अल्बमचा ग्रॅमी मिळवणारे डीजे ब्लॅक कॉफी त्याच मातीतले आहेत. दुसरी युरोपातली, बर्लिनच्या काइनेमुझिकसारख्या गटांमुळे गेल्या काही वर्षांत किनाऱ्यांवर आणि छतांवरच्या मैफलींत पसरलेली धारा; तिच्यात तालवाद्ये मागे सरकतात आणि एखादी गोड, सहज गुणगुणता येणारी चाल पुढे येते. आफ्रिकी नावाखाली आफ्रिकेतले कलाकारच कमी दिसतात अशी तक्रार अनेक जण करतात आणि मला ती रास्त वाटते. तुमच्या पेनड्राइव्हवर पहिल्या धारेची गाणी निम्म्याहून कमी नसावीत असे मी आग्रहाने सांगेन.

आता जो मुद्दा मला सर्वांत महत्त्वाचा वाटतो त्याकडे येतो. किनाऱ्यावर हीच धारा का रुजली? केवळ फॅशन हे उत्तर मला पुरेसे वाटत नाही. ध्वनिप्रदूषणाच्या 2000 सालच्या नियमांनुसार रात्री दहा ते सकाळी सहा उघड्यावर ध्वनिवर्धक लावता येत नाही. राज्य सरकार वर्षातून फार तर पंधरा दिवस मध्यरात्रीपर्यंत सवलत देऊ शकते. पाळोळेला हेडफोन लावून नाचण्याच्या मैफली सुरू झाल्या त्या या नियमामुळेच. दहापूर्वीही आवाजाला मर्यादा आहेच : रहिवासी भागासाठी दिवसा 55 आणि रात्री 45 डेसिबल हे मानक ठरलेले आहे. म्हणजे उघड्या शॅकवरचा आपला सगळा खेळ संध्याकाळचा आणि माफक आवाजातला आहे.

माफक आवाजात आपला कान बास कमी ऐकतो. हा कानाचा स्वभाव आहे. आवाज लहान केला की खालचे स्वर आधी नाहीसे होतात आणि मधले टिकून राहतात. त्यात उघड्या वाळूवर बासला परतवायला भिंती नसतात आणि संध्याकाळचा वारा वरचे बारीक आवाज उडवून नेतो. आता या कसोटीवर उपप्रकार लावून पाहा. टेक हाऊस उभे असते ते किक (ढोलासारखा मुख्य ठोका) आणि बास यांच्या ढकलीवर. छाती हादरण्याइतका आवाज नसेल तर त्यात ऐकण्यासारखे फारसे उरत नाही आणि पोकळ खडखडाट राहतो. याउलट काँगा, मरिंबा, माणसाचा गळा आणि गिटार हे सगळे मधल्या पट्टीत असतात. आफ्रो आणि ऑरगॅनिक हाऊस हळू आवाजातही पूर्ण ऐकू येते आणि जेवणाऱ्याला बोलताही येते. पुढच्या सीझनला एखादे नवे नाव आले तर हीच कसोटी लावा : आवाज अर्ध्यावर आणल्यावर त्या गाण्यात काय उरते? घरी स्पीकर हळू करून, पंखा चालू ठेवून ऐका. जे तेव्हाही टिकते ते शॅकवर टिकेल. तुमची जागा बंदिस्त असती आणि वेळ मध्यरात्रीची असती तर माझे उत्तर जवळजवळ उलट झाले असते.

कसोटी समजली की पुढचा प्रश्न ठेक्याचा. हाऊस म्हणजे चार मात्रांचे आवर्तन आणि प्रत्येक मात्रेवर किक, एवढे तुम्हाला माहीत आहेच. उपप्रकार वेगळे होतात ते या चार खांबांच्या मधल्या जागेत काय भरले आहे त्यावरून. आपल्याकडचा माणूस इथे मागे नसतो. तुम्ही चवथीला घुमट वाजवता असे लिहिले आहे. मग शामेळाच्या, म्हणजे घुमटाच्या साथीला काठ्यांनी वाजणाऱ्या वाद्याच्या, सरळ चालीवर घुमट कसे आडवे-तिडवे जाऊन पुन्हा समेवर येते हे तुमच्या हातात आहे. आफ्रो हाऊसमध्ये किक शामेळाचे काम करते आणि बाकीची तालवाद्ये घुमटाचे काम करतात. पहिल्यांदा ऐकताना किककडे लक्षच देऊ नका. एक तालवाद्य निवडा आणि ते किती मात्रांनी स्वतःला पुन्हा म्हणते ते मोजा.

आमापियानोमध्ये हे आणखी जवळचे होते. ही धारा दक्षिण आफ्रिकेच्या खाउटेंग प्रांतात, योहान्सबर्ग आणि प्रिटोरियाच्या आसपासच्या वस्त्यांत, गेल्या दशकाच्या मध्यात वाढली आणि काब्झा डी स्मॉल, डीजे माफोरिसा यांनी ती जगभर नेली. तिची लय मिनिटाला 112-113 ठोक्यांच्या आसपास असते, किक पुष्कळदा दबलेली असते आणि शेकर (हलवून वाजवायचा खुळखुळा) गाणे पुढे नेतो. तिची ओळख म्हणजे लॉग ड्रम, म्हणजे ठोका आणि सूर एकाच वेळी देणारा, खाली घसरत जाणारा बास. मागचे तोंड तळहाताने झाकत-उघडत घुमटाचा आवाज वाकवतात, त्याची आठवण मला लॉग ड्रम ऐकताना नेहमी होते. अलीकडे तिथूनच थ्री-स्टेप नावाची चाल आली आहे, ज्याच्याशी थॅकझिन या निर्मात्याचे नाव जोडले जाते. तिच्यात आवर्तनात चारऐवजी तीनच किक येतात. जो तबल्यातला काल (खाली) ओळखायला शिकला आहे त्याला गाळलेल्या ठोक्याची जागा आपोआप कळते. माझ्या मते येत्या काही वर्षांत लक्ष ठेवण्यासारखी हीच चाल आहे, आणि ती घुमटाच्या प्रदेशात रुजावी अशी माझी मनापासून इच्छा आहे.

पण वाजवताना एक धोका आहे आणि तो मी जवळून दाखवतो. 112 चे आमापियानो संपवून 120 च्या आफ्रोकडे एकदम जायचे म्हटले तर वेग सात टक्क्यांहून अधिक वाढवावा लागतो. मास्टर टेम्पो (वेग बदलला तरी सूर तोच ठेवणारी सोय) बंद असेल तर सहा टक्क्यांतच सूर जवळजवळ अर्ध्या स्वराने चढतो, म्हणजे षड्जाचा कोमल ऋषभ होतो. चालू असेल तर गायकाचा गळा ताणलेला आणि खरखरीत वाटतो. म्हणून मी मध्ये 115 आणि 117 ची दोन ऑरगॅनिक गाणी ठेवतो आणि प्रत्येक गाण्यात थोडा थोडा वेग चढवतो. दुसरी अडचण म्हणजे दोन तालप्रधान गाणी एकावर एक ठेवली की दोन शेकर भांडतात. नवे गाणे घेताना मी मिक्सरवर त्याचा बास पूर्ण खाली ठेवतो, वरची पट्टी निम्म्यावर ठेवतो आणि फक्त मधली पट्टी 32 मात्रा ऐकू देतो. मग जुन्या गाण्याची वरची पट्टी उतरवत नव्याची चढवतो, पुन्हा 32 मात्रा थांबतो आणि समेवर एकाच क्षणी दोन्ही बास बदलतो. लॉग ड्रमवर दुसऱ्या गाण्याचा बास एक मात्राही चढू देऊ नका. दोन्ही गढूळ होतात. 120 च्या लयीत 32 मात्रा म्हणजे बरोबर 16 सेकंद, तेव्हा हे सगळे अर्ध्या मिनिटाचे काम आहे. परंतु ते घाईने केले की समोरचा माणूस कारण न कळताही हातातला चमचा खाली ठेवून वर पाहतो.

इतर उपप्रकारांविषयी थोडक्यात. मेलोडिक हाऊस शिकायला सोपे आणि ऐकायला भव्य आहे, पण त्यातली लांब चढण मोठ्या पडद्यावरच्या चित्रांसाठी आणि मोठ्या गर्दीसाठी घडवलेली असते. वीस टेबलांच्या शॅकवर अशी दोन गाणी लागोपाठ लावली की वातावरण जड होते. प्रोग्रेसिव्ह हाऊसमधली जुनी, संयत गाणी मात्र साडेआठच्या सुमारास फार उपयोगी पडतात. टेक हाऊसची लय आता 127-130 पर्यंत गेली आहे आणि वर सांगितलेल्या कारणामुळे तुमच्या जागेसाठी ते शेवटच्या अर्ध्या तासापुरतेच ठेवावे. नव्वदच्या दशकातले पियानो आणि गॉस्पेलच्या वळणाचे गाणे असलेले हाऊस 2022 मध्ये बियॉन्सेच्या अल्बमनंतर पुन्हा तरुणांच्या कानावर आले. त्यातली दहा गाणी कायम जवळ असू द्या, कारण वयाने मोठे गिऱ्हाईक त्यांवर हमखास पाय हलवते.

आता तुमच्या चार तासांची मांडणी. डिसेंबरात आपल्याकडे सूर्य सहाच्या सुमारास मावळतो, फेब्रुवारीअखेर तो साडेसहाच्या पुढे जातो. म्हणून मी घड्याळापेक्षा उजेडाकडे पाहून वाजवतो. सूर्य पाण्याला टेकेपर्यंत 110 ते 115, किक जवळजवळ नसलेली गाणी. या वेळी लोक मोबाइल उचलून आकाशाकडे पाहत असतात आणि संगीताने त्यांच्या आड येऊ नये. त्यानंतर अंधार पूर्ण होईपर्यंत ऑरगॅनिक आणि हळुवार आफ्रो. जेवणाच्या वेळेला गळा पुढे असलेली गाणी वाजवावीत. इथे आमापियानोही चालते. नऊपासून 122 ते 124, ठेका पुढे. दहाला पाच कमी असताना आवाज एकदम न तोडता शेवटचे गाणे किक नसलेल्या भागावर नेऊन सोडा. दहा म्हणजे दहा. शेजारी राहणाऱ्या माणसालाही सकाळी उठायचे असते, आणि शॅकचा परवाना गेला तर आपलेही काम जाते.

संग्रहाच्या बाबतीत, पाचशे गाणी घाईने उतरवून घेण्यापेक्षा ऑक्टोबरपर्यंत साठ गाणी पैसे देऊन विकत घ्या आणि ती लग्नातल्या फर्माइशींइतकी पाठ करा. गाण्याच्या टिपणीत उपप्रकाराऐवजी वेळ लिहा : ‘सूर्यास्त’, ‘जेवण’, ‘साडेनऊ’. कप्प्याचे नाव दोन वर्षांनी बदलेल, पण गाण्याची वेळ बदलत नाही. आफ्रोच्या मूळ धारेचा शोध घ्यायला ट्रॅक्ससोर्स हे गाणी विकणारे संकेतस्थळ चांगले आहे, आणि बँडकॅम्पवर कलाकाराकडून थेट घेता येते.

शेवटी घुमट. हाऊसच्या गाण्यात ते घालू का, असे तुम्ही विचारले आहे. अवश्य घाला. 2019 साली गोवा सरकारने त्याला वारसा वाद्याचा दर्जा दिला आहे, पण दर्जा मिळाला म्हणून वाद्य वाजत राहत नाही. ध्वनिमुद्रण करताना बकरीच्या चामड्याचे घुमट घ्या; घोरपडीच्या चामड्यावर कायद्याने बंदी आहे. एक माइक चामड्याच्या बाजूला वीतभर अंतरावर आणि दुसरा मागच्या उघड्या तोंडाजवळ लावा, कारण वाकणारा आवाज तिथूनच येतो. आधी 116 च्या लयीत नुसत्या क्लिकवर (मेट्रोनोमच्या टिकटिकीवर) पाच मिनिटे सलग वाजवा आणि त्यातली उत्तम चार आवर्तने निवडा. ठोके संगणकावरच्या मात्रांच्या रेषांवर (ग्रिडवर) ओढून सरळ करू नका, हाताचा किंचित मागे रेंगाळणारा भाग तसाच राहू द्या. किक घुमटाच्या खालच्या स्वराशी भांडत असेल तर किक पातळ करा, घुमट नको. तयार झाले की मला पाठवा. मी सात वाजता, जेवणाची टेबले भरायच्या आधी, ते वाजवून पाहीन आणि काय झाले ते कळवीन.